नाव शेवटी, पेन्सिलीने

काजूच्या बागेतली माझी पाहणी सकाळी आठला सुरू होते. झाडाच्या चारी बाजूंचे शेंडे एकेक करून हातात धरायचे, किती शेंड्यांवर ढेकण्या या किडीने सोंड खुपसल्याचे काळे डाग आहेत ते मोजायचं आणि वहीत मांडायचं. शेवटचा रकाना ‘इतर’ असा असतो. मुंग्या, कोळी, चतुर, त्या झाडावर जे दिसेल ते मी तिथे लिहिते. हा रकाना कोरा राहिला तरी मला कोणी जाब विचारत नाही. पण माझा जीव त्यातच जास्त गुंतलेला असतो.

डिसेंबरातल्या एका सकाळी दोडामार्ग तालुक्यातल्या एका बागेत मी अशीच मोजणी करत होते. बागेच्या मालकांना मी काका म्हणते. ते वरच्या बांधावरून घाईघाईने खाली आले आणि हातातला फोन त्यांनी माझ्यासमोर धरला.

“बाय, ह्यो तुमच्या वहीतलो कोळी मा?”

फोटो स्पष्ट होता. फिकट पिवळं अंग, पोटावर लांबीला दोन लाल पट्टे, डोळ्यांभोवती तांबड्या कडा. टेलामोनिया डिमिडिएटा या उड्या मारणाऱ्या कोळ्याची मादी. त्या महिन्यात त्याच बागेत मी तिची सात वेळा नोंद केली होती. फोटोखाली मजकूर होता: हा कोळी शौचालयाच्या सीटखाली लपून बसतो, चावल्यावर काही तासांत माणूस दगावतो, अमेरिकेत कितीतरी बायका गेल्या, आता तो आपल्याकडेही आला आहे, सगळ्यांना कळवा.

“चावलो तर माणूस रवणा नाय म्हणतत,” काका म्हणाले. “फाल्या सगळी बाग फवारून घेतंय.”

घरात दोन लहान नातवंडं, दिवसभर बागेत वावरणाऱ्या बायका. त्यांच्या जागी कोणीही असता तरी त्याला हेच सुचलं असतं. मी वही मिटली आणि म्हणाले, “काका, मला अर्धा तास द्या. मग काय ते ठरवा.”

त्या अर्ध्या तासात मी काय केलं ते सांगण्याआधी या कोळ्याची आणि माझी ओळख कशी झाली ते सांगायला हवं. ती एका चुकीतून झाली होती.

एम.एस्सी. झाल्यावर तीन वर्षं मी कोळ्यांच्या एका सर्वेक्षणात काम केलं. आमचं मुख्य ठिकाण आंबोली. वर्षाला सुमारे सात हजार मिलिमीटर पाऊस पडणारं गाव. जूनपासून कपडे वाळत नाहीत आणि वहीची पानं एकमेकांना चिकटतात. कामाची रीत साधी होती. पांढरं कापड लावलेली छत्री उलटी करून फांदीखाली धरायची, काठीने फांदीवर ठरावीक फटके मारायचे आणि छत्रीत जे पडेल ते पळून जायच्या आत टिपायचं. पालापाचोळा चाळायचा. रात्री डोक्याला दिवा लावून फिरायचं. लांडगा कोळ्यांचे डोळे त्या उजेडात हिरवट ठिणग्यांसारखे चमकतात. उड्या मारणाऱ्या कोळ्यांचे डोळे तसे चमकत नाहीत, कारण प्रकाश परतवणारा थर त्यांच्या डोळ्यांत नसतो. ते दिवसाचे शिकारी. रात्री पानाच्या घडीत स्वतः विणलेल्या रेशमी पिशवीत ते निजलेले सापडायचे.

पकडलेला कोळी सत्तर टक्के अल्कोहोलच्या कुपीत जातो. हे लिहिताना मला आजही बरं वाटत नाही. पण बहुतेक कोळ्यांची जात नुसत्या रंगावरून पक्की करता येत नाही. प्रौढ नराच्या तोंडाजवळचे दोन आखूड अवयव, बंद मुठीसारखे फुगलेले, आणि प्रौढ मादीच्या पोटाखालची जननांगाची घडण सूक्ष्मदर्शकाखाली पाहावी लागते. पिल्लांवरून तर बहुधा काहीच ठरत नाही. म्हणून काही जीव घ्यावे लागतात.

आमच्या मार्गदर्शक बाईंचा त्याबद्दल एकच नियम होता. आपण जीव घेतला आहे, तेव्हा निदान त्याचं लेबल तरी खरं असलं पाहिजे. लेबलावर आधी जागा, मग तारीख, वेळ, तो कशावर होता आणि काय करत होता, मग कोणी धरला. नाव शेवटी, तेही पेन्सिलीने. पेन्सिल कशासाठी, तर साधी शाई अल्कोहोलमध्ये फुटते. पण बाईंच्या मनात आणखीही एक कारण होतं. “जागा आणि तारीख बदलत नाही,” त्या म्हणायच्या. “नाव हे आपलं मत असतं.”

हे वाक्य तेव्हा मी वहीत लिहून घेतलं, पण ते माझ्या गळी उतरलं नव्हतं. मला नाव द्यायची घाई असायची. दिवसअखेर यादी लांब दिसली की आनंद व्हायचा.

पहिल्याच हिवाळ्यात जंगलाच्या कडेच्या झुडपांवर मला एक फिकट कोळी वारंवार दिसू लागला. दहा मिलिमीटरच्या आसपास लांबी, पोटावर दोन लाल रेघा. मी त्याला ‘क’ म्हटलं. त्याच झुडपांवर दुसरा एक दिसायचा: थोडा लहान, गडद, जवळजवळ काळा, अंगावर पांढऱ्या खुणा, डोळ्यांभोवती तांबडे केस. तो ‘ख’. पाच आठवडे मी दोघांची वेगवेगळी मोजणी केली. ‘क’ कोणत्या उंचीवर जास्त, ‘ख’ कोणत्या, असा तक्ताही केला. त्या तक्त्यावरून दोन जातींनी एकच झुडूप कसं वाटून घेतलं आहे, यावर दोन पानं लिहिली आणि बाईंना दाखवली. त्यांनी ती वाचली, परत दिली आणि इतकंच म्हणाल्या, “तुझ्या ‘क’मधले नर कुठे आहेत?”

मी कुप्या तपासल्या. ‘क’च्या सगळ्या प्रौढ माद्या होत्या. ‘ख’चे सगळे प्रौढ नर होते. त्याच रात्री उत्तर माझ्या हातात होतं, पण मन मानत नव्हतं. इतके वेगळे दिसणारे दोघे एक कसे असतील?

दोन दिवसांनी ते मी डोळ्यांनी पाहिलं. एका रुंद पानावर फिकट मादी स्थिर बसली होती. पानाच्या देठाकडून गडद नर आला, थांबला आणि त्याने पुढचे पाय वर उचलले. बाजूला सरकला, पुन्हा थांबला, पुन्हा पाय वर. मादी त्याच्याकडे तोंड करून पाहत होती. तो जिकडे सरकेल तिकडे तिचं अंग वळत होतं. बराच वेळ हे चाललं. मी श्वास रोखून उभी होते, आणि पाच आठवड्यांची मोजणी माझ्या डोळ्यांसमोर कोसळत होती. लाज वाटली. तरी त्या पानावरून नजर हलवावीशी वाटली नाही.

बाईंना सांगितलं तेव्हा त्या रागावल्या नाहीत. “जुनं खोडू नकोस,” म्हणाल्या. “खाली दुरुस्ती लिही, तारीख घाल. पुढच्या माणसाला कळू दे, चूक कुठे होते ते.” त्या कुप्यांमध्ये आजही दोन-दोन लेबलं आहेत.

पुस्तकात ही जात १८९९ सालीच नोंदलेली होती. फ्रेंच कोळीतज्ज्ञ एजेन सिमाँ यांनी तिचं वर्णन केलं. डिमिडिएटा म्हणजे लॅटिनमध्ये ‘दुभागलेली’. ती माझ्याकडून दुभागली गेली, तेही भलत्याच ठिकाणी.

त्यानंतर मी यादीची घाई सोडली आणि एकेका कोळ्यासमोर बसायला लागले. उड्या मारणाऱ्या कोळ्यांचं कुळ सगळ्या कोळ्यांत मोठं आहे. जगात त्याच्या सहा हजारांहून जास्त जाती आहेत. हे कोळी सहसा शिकारीसाठी जाळं विणत नाहीत. त्यांचं सगळं पोट डोळ्यांवर चालतं. डोळे आठ. बाजूंचे आणि मागचे डोळे जवळजवळ चहूकडचं टिपतात, पण ते मुख्यतः हालचाल ओळखतात. कुठे काही हललं की कोळी सगळं अंग वळवून समोरचे दोन मोठे डोळे तिकडे लावतो. हे दोन डोळे दुर्बिणीच्या नळ्यांसारखे लांब असतात. बाहेरचं भिंग डोक्याच्या कवचात पक्कं बसलेलं, त्यामुळे आपल्यासारखी बुबुळं फिरवता येत नाहीत. त्याऐवजी आतल्या नळीचं मागचं टोक स्नायूंनी हलतं. त्या डोळ्यांना एका वेळी फार अरुंद पट्टा दिसतो, पण अतिशय रेखीव. समोरच्या वस्तूवरून तो पट्टा फिरवत फिरवत कोळी तिची ओळख पटवतो.

टेलामोनियाची मादी फिकट असल्याने भिंगातून ही हालचाल बाहेरूनही जाणवते. समोरचे डोळे क्षणभर काळेभोर दिसतात, क्षणात मधाच्या रंगाचे. काळे दिसले की समजायचं, नळीचा तळ नेमका आपल्यावर रोखलेला आहे. मी तिला तपासते आहे आणि तीही मला तपासते आहे, हे प्रथम लक्षात आलं तेव्हा मी भिंग खाली घेतलं होतं. कोणाच्या घरात न विचारता शिरल्यासारखं वाटलं.

मग उडी. कोळ्याच्या पायांतल्या मुख्य सांध्यांना वाकवणारे स्नायू असतात, सरळ करणारे नसतात. पाय ताणले जातात ते अंगातल्या द्रवाच्या दाबाने. तो दाब एकदम वाढतो आणि मागचे पाय ताडकन सरळ होतात. उडण्याआधी पोटाचं टोक पानाला टेकवून रेशमाचा एक धागा तिथे चिकटवलेला असतो. नेम चुकला तर त्या धाग्यावरून परत येता येतं, आणि हवेत असताना तोच धागा अंगाचा तोल सांभाळतो. हे मी शंभरदा तरी पाहिलं असेल. एकदाही धागा लावल्याशिवाय उडी घेतलेली दिसली नाही.

सर्वेक्षण संपलं. पुढे मी काजूवरच्या किडींच्या पाहणीचं काम धरलं आणि जंगलातून बागांत आले. पहिल्याच हंगामात कोवळ्या पालवीवर ती दोन लाल रेघांची मादी दिसली. माहेरचं माणूस परगावात भेटावं तसं झालं. काजूवर तिचं असणं नवलाचं नव्हतं. कर्नाटकात पुत्तूरला काजू संशोधनाचं राष्ट्रीय केंद्र आहे. तिथल्या अभ्यासकांनी काजूच्या बागांतल्या कोळ्यांच्या नोंदी केल्या आहेत, त्यांत नेहमी आढळणाऱ्या जातींमध्ये टेलामोनिया आहे. जंगलाला लागून बाग असली, झाडाची पानगर्दी असली, की तिला तेवढं पुरतं.

आता पुन्हा त्या सकाळकडे येते.

काकांच्या फोनमधल्या मजकुराची कुळकथा मला ठाऊक होती. हीच गोष्ट १९९९ साली इंग्रजी ई-मेलमधून फिरली होती. तेव्हा कोळी दक्षिण अमेरिकेतून विमानाने आलेला होता आणि त्याचं नाव होतं ‘अरॅक्नियस ग्लुटियस’. असा कोळी जगात नाही. लोक न तपासता काय काय पुढे पाठवतात हे दाखवण्यासाठीच ती कथा रचलेली होती. पण रचणाऱ्याचा हेतू मागे पडला आणि भीती पुढे गेली. २००२ च्या सुमारास कोणीतरी त्यातलं खोटं नाव काढून तिथे टेलामोनिया डिमिडिएटा घातलं. हा बदल मला फार क्रूर वाटतो. खोटं नाव कोणी शोधलं असतं तर काहीच सापडलं नसतं. खरं नाव शोधलं की फोटो निघतो, आणि फोटो निघाला की गोष्टही खरी वाटते. शंभर वर्षांपूर्वी एका माणसाने भिंगाखाली वाकून दिलेलं नाव असं अफवेला आधार म्हणून वापरलं गेलं.

हे सगळं मी काकांना सांगू शकले असते. पण माझ्या सांगण्याला त्यांच्या फोनमधल्या सांगण्यापेक्षा जास्त वजन का असावं? दोन्ही शब्दच. म्हणून मी भिंग काढलं आणि काकांना घेऊन त्या महिन्यात जिथे मादी दिसली होती त्या झाडाकडे गेले. सूर्य वर आला होता. बांधाकडच्या फांदीवर, कोवळ्या तांबूस पानावर ती होती.

“हात लावू नका. नुसतं बघा.”

काका दोन हात दूरच उभे राहिले. मग एक पाऊल पुढे आले. त्यांची सावली हलली तशी ती गर्रकन वळली आणि समोरचे डोळे त्यांच्यावर लावले. काकांनी मान डावीकडे नेली, ती डावीकडे वळली. उजवीकडे नेली, उजवीकडे. त्यांनी भिंग डोळ्याला लावलं आणि बराच वेळ बोलले नाहीत.

“माका बघता ह्यो!”

त्या स्वरात भीती होती, पण ती सकाळची भीती नव्हती.

मग मी त्यांच्या प्रश्नांची उत्तरं दिली. बहुतेक सगळ्या कोळ्यांकडे विष असतं, ते माशीला, किड्याला पुरेल इतकं. चिमटीत दाबला तर उड्या मारणारा कोळीही चावू शकतो, पण त्याने माणसाच्या जिवाला धोका होत नाही. हा कोळी उजेडात, पानांवर, डोळ्यांनी शिकार करणारा. अंधाऱ्या बंद जागेत दबा धरून बसण्यात त्याचा काही लाभ नाही. काकांनी मग पावसाळ्यात त्यांच्या सुनेच्या मानेवर उठलेल्या फोडांची गोष्ट काढली. सगळे म्हणाले होते, कोळी मुतला. आपल्याकडे हे पिढ्यान् पिढ्या म्हटलं जातं. असे फोड पुष्कळदा एका चिमुकल्या, लालकाळ्या भुंगेऱ्याने येतात. पावसाळ्यात तो दिव्याच्या उजेडाला येतो, अंगावर चिरडला की त्याच्यातला द्रव कातडी भाजतो. पाडेरस असं त्याचं नाव. इथेही करणारा एक आणि नाव दुसऱ्याचं. काकांनी तो भुंगेरा दिव्याखाली पाहिलेला होता. त्याच्यावर कधी संशय घ्यावा असं मात्र त्यांना वाटलं नव्हतं.

फवारणीबद्दल मी स्पष्ट बोलले. ढेकण्या काजूचा मोठा शत्रू. पालवी आणि मोहोर यांचा रस तो शोषतो, डाग काळे पडतात, शेंडे वाळतात आणि मोहोर करपतो. पालवी, मोहोर आणि फळधारणा या टप्प्यांवर औषध मारावं लागतं, हे मीच सांगत असते. कोळी एकट्याने ढेकण्या आवरेल असं मी कधीच म्हणणार नाही. पण डागाळलेल्या शेंड्यांची संख्या त्या आठवड्यात फार कमी होती. ढेकण्यासाठी फवारायचं तर मोजणी बघून फवारा, कोळ्याच्या भीतीने नको. औषधाला ढेकण्या आणि त्याला खाणारा यांतला फरक कळत नाही.

काका थांबले. तो मजकूर मात्र थांबला नव्हता. शेजारच्या वाडीतल्या एका बागेत चार दिवसांतच सगळ्या झाडांवर औषध मारलं गेलं, नुसत्या भीतीपोटी. तिथे माझी पाहणी सुरूच होती. पुढचे पाच आठवडे त्या बागेच्या पानांवर ‘इतर’चा रकाना कोरा राहिला. कोळी नाहीत, तांबड्या मुंग्यांची घरटी ओस. एका बागेवरून निष्कर्ष काढू नये हे मी शिकले आहे, म्हणून त्या बागेत पुढे ढेकण्या किती वाढला वा कमी झाला याचा संबंध मी इथे जोडत नाही. पण कोरा रकाना मी पाहिला, आणि तो तारखांसकट वहीत आहे. ज्यांनी औषध मारलं त्यांच्यावर माझा राग नाही. त्यांच्यापर्यंत भीती आधी पोचली, मी पोचले नाही. हे शल्य मात्र राहिलं.

तेव्हापासून कामाची रीत मी थोडी बदलली. बागेत गेले की मोजणीआधी घरच्या एकाला तरी सोबत घेते. बहुतेकदा शाळेत न गेलेलं एखादं मूल येतं, कधी आजी येते. त्यांच्या हातात भिंग देते आणि नाव सांगत नाही. कुठे आहे, किती वाजता, काय करतोय, एवढंच विचारते. नाव विचारलं तर म्हणते, आधी बघू. पाच मिनिटं नीट पाहिलेल्या जिवाबद्दल कोणी कसली गोष्ट सांगितली, तर ती पडताळायला माणसाकडे स्वतःचं काहीतरी असतं. मला एवढंच साधायचं आहे. आंबोलीच्या त्या पानासमोर मला जे मिळालं, ते माझ्या दोन पानी लेखात नव्हतं.

पुढच्या जानेवारीत मी दुसऱ्या तालुक्यात पाहणीला गेले होते. दुपारी फोन वाजला. काकांकडून एक फोटो आला होता. थोडा हललेला, पण कळत होतं: मोहोराचा तुरा, त्यावर दोन लाल रेघांची मादी, तिच्या जबड्यात लांब मिशांचा, तांबूस अंगाचा ढेकण्या. फोटोखाली काकांनी लिहिलं होतं:

“वरचा झाड, दगडाकडला. २१ जानेवारी. सकाळी सव्वाआठ. ढेकण्यो धरल्यान.”

नाव लिहिलेलं नव्हतं.